दिवाळी ते होळी पाणी नाही

माझ्याविषयी आमच्या भावकीत जे बोललं जातं ते असं: हिने नवऱ्याची राख धुऊन काढली. हे खोटं नाही. मी धुतली. भर दुपारी, अंगणात, कपडे भिजवायच्या निळ्या टबात, दोन्ही हातांनी. का धुतली हे मला तेव्हा कोणी विचारलं नाही, आणि विचारलं असतं तरी त्या दिवसांत मला सलग तीन वाक्यं बोलता येत नव्हती. आता वर्ष उलटून गेलं आहे. आता येतात.

आमचं घर कोल्हारला, प्रवरेच्या अंगाला. नवरा साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत होता. उसाच्या रसाचे नमुने तपासायचं काम. मी श्रीरामपूरच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे, रोज एसटीने जाते-येते. आम्हाला मूल नाही. सासूबाई आमच्याजवळ राहतात आणि धाकटे दीर गावाच्या दुसऱ्या टोकाला, मळ्यात. एवढीच माणसं. आणि अंगणात, पायरीच्या उजव्या हाताला, एक निवडुंग.

त्याची सुरुवात माझ्यापासून झाली. कॉलेजच्या कपाटात डोंगरी वनस्पतींवरचं एक जाड पुस्तक होतं, वर्षानुवर्षं कोणी न नेलेलं. ते मी एकदा घरी आणलं. त्यात पानभर छायाचित्र होतं: खडकाच्या भेगेत बसलेला निवडुंगाचा गड्डा, त्याच्या डोक्यांवर बर्फ, आणि त्या बर्फातून वर आलेली लाल फुलं. नवऱ्याने ते पान दोन दिवस टेबलावर उघडं ठेवलं. बर्फ पडतो अशा डोंगरात निवडुंग असतो हे त्यालाही माहीत नव्हतं आणि मलाही. आम्हाला निवडुंग म्हणजे बांधावरचा फड्या, शेरडांना अडवणारा. मग त्याने कुठून कुठून चौकशी करून टपालाने बिया मागवल्या. मोहरीहून बारीक, काळ्या. पाच उगवल्या, त्यांतलं एक रोप जगलं.

सासूबाईंना हे सगळं फार गमतीचं वाटलं होतं.

"बांधाला फुकाट मिळतोय निवडुंग," त्या म्हणाल्या. "गाडीभर आनून देते म्हनलं तर न्हाई. ह्यो येडा पोस्टानं मागवतोय."

"आई, ह्यो डोंगरातला हाय. लाल फुलाचा."

"मंग डोंगरातच ऱ्हाऊ द्यायचा की. त्याच्या आईला किती वाईट वाटलं आसंल."

सासूबाई त्या झाडाला साळिंदर म्हणायच्या. तो ड्युटीवरून आला की चहाच्या आधी अंगणात उकिडवा बसायचा आणि आतून आवाज यायचा, "काय म्हनतंय तुजं साळिंदर? जेवलं का?" दीर तर घरात शिरताना मुद्दाम वळसा घालून, धोतर नसतानाही धोतर सावरल्यासारखं करून यायचे. दारात काटे असू नयेत, घरात भांडणं होतात, असं शेजारपाजारच्यांनी सांगून झालं. नवरा म्हणाला, आमच्यात भांडणं होतच नाहीत, ती जरा व्हावीत म्हणूनच ठेवलंय.

त्या कुंडीत माती म्हणावी अशी नव्हतीच. विटांचे तुकडे, मुरूम आणि नदीची जाड वाळू, तीही चाळून घेतलेली. त्याला रोज पाणी नको, खत नको, सावली नको. आणि एक नियम होता, तो त्याने आमच्या पंचांगात बसवला होता: दिवाळीचा फराळ संपला की पाणी बंद, होळी पेटली की सुरू. मधले चार महिने एक थेंब नाही. हे झाड ज्या डोंगरातलं, तिथे त्या दिवसांत पाणी गोठलेलं असतं, मुळं झोपलेली असतात. थंडीत मूळ ओलं राहिलं की ते सडतं. आणि कोरडी थंडी सोसली नाही तर फूल धरत नाही. हे त्याने मला इतक्या वेळा सांगितलं होतं की मी ते झोपेतही म्हणून दाखवलं असतं. माघात ते झाड सुरकुतायचं, आत ओढून घेतल्यासारखं बारीक व्हायचं. सासूबाईंचा जीव कासावीस व्हायचा. "मारतोयस का त्याला? आरं, दावनीच्या जनावराला तरी पानी दावत्यात." तो हसायचा आणि पाणी घालायचा नाही.

एका डोक्याची हळूहळू सात डोकी झाली. फूल मात्र नाही. नऊ वर्षं नाही.

मग नवऱ्याच्या शेवटच्या फाल्गुनात तिसऱ्या डोक्याच्या कुशीला, काट्यांच्या झुपक्याच्या वर, एक फोड आला. त्याला वाटलं रोग. औषधाची बाटली बाहेर काढून तो बसला होता. तेवढ्यात माझं लक्ष गेलं की फोड फुटतो आहे आणि आतून तपकिरी, लोकरीसारखं टोक वर येतं आहे. ह्या जातीची कळी सालीवर धरत नाही. ती आत धरते आणि साल फाडून बाहेर येते. तो बाटलीचं बूच लावायचंही विसरला.

पुढचे वीसेक दिवस आम्ही दोघं लहान मुलांसारखे वागलो. फूल उघडलं तेव्हा तो पहिल्या पाळीला निघाला होता, आणि उशिरा गेला. त्या लालला मी अजून शब्द शोधते आहे. पळसाचा नारिंगी लाल नव्हे, जास्वंदीचा ओला लालही नव्हे. इस्त्रीवाल्याने निखाऱ्यावर फुंकर मारली की क्षणभर दिसतो तो. पाकळ्या जाड, मेणासारख्या, आणि मधोमध हिरवी चांदणी. ते फूल संध्याकाळी मिटलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. पाच दिवस ते उघडं होतं.

सासूबाईंना ते देवाला हवं होतं. तो म्हणाला, "आई, तोडायचं न्हाई. देवालाच हितं आन." मला वाटलं, आता रागावतील. त्या आत गेल्या, देव्हाऱ्यातला बाळकृष्ण तळहातावर घेऊन आल्या, कुंडीपुढे वाकल्या, "बघ बाबा, साळिंदराला फूल आलंय," असं त्याला म्हणाल्या, आणि पुन्हा आत नेऊन ठेवला.

त्यानंतरच्या कार्तिकात, कारखान्याचा गळीत हंगाम सुरू होऊन पंधरवडा झाला असेल, तो सकाळी बूट घालायला पायरीवर बसला आणि उठला नाही. डॉक्टर येईपर्यंत संपलं होतं. त्याविषयी मी इथे अधिक लिहिणार नाही.

आमच्याकडे अलीकडे बऱ्याच गावांत राख नदीत सोडत नाहीत. तिसऱ्या दिवशी सावडायला गेलेली माणसं राख आणि अस्थी घेऊन येतात, शेतात खड्डा घेतात, त्यात ती राख घालतात आणि वर झाड लावतात. आंबा, नारळ, वड, ज्याची जशी जागा असेल तसं. मग त्या झाडाला येणारा-जाणारा पाणी घालतो. चांगली रीत आहे. मी स्वतः दोन-तीन ठिकाणी ह्या रीतीने लावलेल्या झाडांना पाणी घातलेलं आहे. आमचे दीरही मळ्यात केशर आंबा लावणार होते. रोपही आणलेलं होतं. पण स्मशानातून येताना त्यांच्या मनाने घेतलं.

स्टीलच्या डब्यात राख घेऊन ते थेट अंगणात आले. डोकं भादरलेलं, डोळे सुजलेले. अंत्यविधी त्यांनीच केला होता. कुंडीपुढे बसले आणि मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "आंब्याचं काय हुतं त्याला? दादाचा जीव तर ह्याच्यात हुता." आणि त्यांनी दोन्ही ओंजळींनी राख त्या विटांच्या चुऱ्यावर पसरली. बोटांनी खाली दाबली. वर तांब्याभर पाणी घातलं. त्यांच्या हातात काटे घुसले, रक्त आलं. त्यांनी हात मागे घेतला नाही.

मी दारातून हे बघत होते. दिवाळी होऊन बारा दिवस झाले होते. मला माहीत होतं. आणि मी काही बोलले नाही.

इथे माझा गुन्हा आहे, भावकी समजते तिथे नाही. राख धुतली हा नव्हे. सहा दिवस गप्प बसले हा. कारण त्यानंतर रोज पाणी पडू लागलं. भेटायला येणारा प्रत्येक माणूस आधी आत येऊन माझ्यापुढे हात जोडायचा, मग बाहेर जाऊन कुंडीत पाणी घालायचा. दिरांनी तिथे भरलेली कळशी आणि तांब्याच ठेवला होता. कारखान्यातली माणसं आली, त्यांनी घातलं. माझ्या कॉलेजातल्या बायका आल्या, त्यांनी घातलं. कोणी काट्यांच्या मधोमध उदबत्ती खोचली. कोणी झेंडूची माळ घातली, ती काट्यांना अडकून तिथेच कुजू लागली. हळद, गुलाल, तांदूळ. राखेचा गारा झाला आणि त्याने कुंडीचं तोंड सिमेंटसारखं लिंपून टाकलं. खालची भोकंही बुजली असावीत, कारण पाणी खाली यायचं थांबलं होतं. मी आत भिंतीला टेकून बसायचे आणि तांब्याचा आवाज मोजायचे. हे प्रेम आहे, असं स्वतःला सांगायचे. ते प्रेमच होतं. त्यात काही शंका नाही.

नवव्या दिवशी दुपारी घर जरा शांत होतं. दुसऱ्या दिवशीच्या दशक्रियेची तयारी बघायला दीर नदीवर गेले होते. सासूबाई पडल्या होत्या. मी बाहेर आले, माळ काढली आणि मधल्या डोक्याला खाली अंगठा लावला. अंगठा आत गेला.

वास आला. सडलेल्या काकडीचा.

त्या क्षणी मला काय वाटलं हे मला चांगलं आठवतं. दुःख नाही. संताप आला, आणि तो अतिशय स्वच्छ होता. मी आत गेले, सुरी घेतली, त्याच्या कपाटातलं स्पिरिट घेतलं, टब घेतला. वर्तमानपत्राची जाड घडी करून पट्ट्यासारखी झाडाभोवती गुंडाळली; तो तसंच धरायचा. आणि ओढलं. ते विनातक्रार हातात आलं. धरून ठेवायला खाली मुळंच उरली नव्हती. होती ती काळी, बुळबुळीत, राखेने माखलेली. मी ती टबात बुडवली आणि धुतली.

सातपैकी तीन डोकी हातातच विरघळली. उरलेल्या चारांना मी सुरी लावली. पहिली चकती कापली, आत तपकिरी. स्पिरिटने सुरी पुसली. दुसरी चकती, नारिंगी कडं. पुन्हा पुसली. तिसरी, मधोमध मेथीच्या दाण्याएवढा ठिपका. तो ठिपका असेपर्यंत थांबायचं नाही, हे त्याने एकदा दाखवलं होतं. चौथी चकती हिरवट पांढरी, कोरी निघाली. मी पुढचं डोकं घेतलं.

"वहिनी!"

दीर फाटकात उभे होते. त्यांना आधी काही समजलंच नाही. मग टब दिसला, टबातलं करडं पाणी दिसलं.

"काय करताय तुमी?"

"सडलंय."

"दादा हाय त्यात!"

"तुमचा दादा त्यात नाही," मी म्हटलं. "राख आहे. आणि ती ह्याला मारते आहे."

"राख कशी मारंल? वांग्यावर आमी दर साली टाकतो. खत हाय ते!"

"वांग्याला रोज पाणी लागतं. ह्याला होळीपर्यंत नको. हे तुमच्या दादाने तुम्हाला दहा वेळा सांगितलं होतं. तुम्ही धोतर सावरत बसला होतात."

हे मी बोलायला नको होतं. त्यांचा चेहरा असा झाला की मला सुरी खाली ठेवावी लागली. पण मी ती पुन्हा उचलली.

आवाजाने सासूबाई उठून बाहेर आल्या. त्यांनी कुंडीतला खड्डा बघितला. टब बघितला. पायरीवर बसल्या आणि कोणाकडेही न बघता म्हणाल्या, "माझ्या पोराला उपटलं हिनं."

मी चौथं डोकं कापून पूर्ण केलं.

मग तो टब तिथेच राहिला. दीर त्याला हात लावेनात. "ज्यानं कालवलं त्यानं निस्तरावं," म्हणून ते मळ्यात निघून गेले. मलाही त्याचं काय करावं ते समजेना. एवढा वेळ माझे हात चालले होते. आता काम संपलं होतं. ऊन कलेपर्यंत टबाच्या एका बाजूला सासूबाई पायरीवर आणि दुसऱ्या बाजूला मी जमिनीवर, अशा बसलो होतो. राख तळाला बसली होती आणि वर पाणी नितळ झालं होतं. शेवटी त्या उठल्या. परसात त्यांनी लावलेली लिंबोणी आहे.

"धर त्या बाजूनं," त्या म्हणाल्या. "आन् बोलू नको काय."

आम्ही दोघींनी टब उचलून नेला आणि लिंबोणीच्या आळ्यात हळूहळू ओतला. त्यांनी टबाचा तळ हाताने पुसून घेतला. माझ्याकडे न बघताच त्या आत गेल्या. ही क्षमा होती असं मी समजले नाही, आणि ती नव्हतीच.

दशक्रियेला नदीवर सगळं गाव होतं. पिंड मांडला. कावळा येईना. पिंडाला कावळा शिवला नाही म्हणजे गेलेल्याची काही इच्छा राहिली आहे, असं मानतात. मग घरातल्यांनी एकेक ओळखून बोलायची असते: तुझ्या आईला सांभाळीन, तुझं अमुक काम पुरं करीन. दीर हात जोडून बोलत होते. आईला काही कमी पडू देणार नाही. वहिनीला अंतर देणार नाही. हे त्यांनी मनापासून म्हटलं, आदल्या दिवशीचं सगळं होऊनसुद्धा, आणि ते मी विसरलेले नाही. कावळे समोरच्या बाभळीवर बसून होते. खाली येत नव्हते. तास झाला, दीड तास झाला. माणसं माझ्याकडे बघू लागली. कालची गोष्ट गावभर झालीच होती.

एक चुलत सासरे जवळ आले. "सूनबाई, म्हना एकदा. राख होती तशी कुंडीत घालते म्हना. त्येचं मन त्यात आडकलंय."

"राख आता लिंबोणीला आहे," मी म्हटलं.

"आवो, थोडी मशानातनं आनू. तुमी म्हना फकस्त. म्हनायला काय जातंय?"

खरंच, म्हणायला काय जात होतं? हात जोडून एक वाक्य. नंतर कोणी तपासायला येणार नव्हतं. पण ज्या माणसाच्या नावाने ते वाक्य मागितलं जात होतं, त्याने त्या झाडाला नऊ वर्षांत एकदाही खोटं सांगून फुलवायचा प्रयत्न केला नव्हता. आणि मी सहा दिवस न बोलून जे केलं होतं ते बघितलं होतं.

"नाही," मी म्हटलं. "मी म्हणणार नाही."

"मंग बसा रातपतुर," मागून कोणीतरी म्हणालं. बायकांत कुजबुज झाली. कोणी म्हणालं शिकलेली आहे; शिव्या द्यायच्या स्वरात. उन्हात उभ्या असलेल्या एका म्हाताऱ्याने टोपीने वारा घेत म्हटलं, "आरं, कावळ्यांचं पोट भरलेलं आसंल. काल त्या पल्याडच्या वस्तीवर तेरावा हुता." दोन-तीन माणसं हसली.

कावळा आला नाही. हे मी मुद्दाम लिहिते, कारण अशा गोष्टी सांगताना शेवटी कावळा आला असं सांगायचा मोह होतो. तो आला नाही. भटजींनी शेवटी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला आणि माणसं घरी गेली. त्या दिवसापासून गावात माझी एक ओळख झाली, आणि ती मी पुसायला गेले नाही.

कापलेली चार डोकी मी माझ्या पुस्तकांच्या फडताळावर, वरच्या कप्प्यात, वर्तमानपत्रावर मांडून ठेवली होती. काप सुकून त्यावर खपली धरायला तीन आठवडे लागतात. त्याआधी त्यांना वाळूही लावायची नसते. तेराव्याला आलेल्या बायकांना ती दिसली. एकीने विचारलं, "वांगी वाळत घातली का?" दुसरीने तिला कोपराने ढोसलं. मी म्हटलं, "हो, बियाण्याला."

मग नवी कुंडी, नवा विटांचा चुरा, तोही दोनदा धुतलेला. डोकी नुसती वर टेकवून ठेवली आणि त्यांना हात लावला नाही. पौषात थंडी चांगली पडली. मी कॉलेजात जात होते, येत होते. सासूबाई माझ्याशी कामापुरतं बोलत होत्या: गॅस संपलाय, दूधवाला आला नाही. होळी पेटली त्या दिवशी मी पहिलं पाणी घातलं, चमचाभर. त्यांनी ते खिडकीतून बघितलं.

चैत्रात एक डोकं काळं पडून गेलं. तीन राहिली. ज्येष्ठात एकाला बोटाने हलकं ढकललं तर ते मागे आलं नाही. खालून कोणीतरी धरून ठेवल्यासारखं घट्ट होतं. मूळ धरलं होतं. मी तिथेच अंगणात बसून रडले. नवरा गेल्यापासून इतकी रडले नव्हते. आषाढात तिन्ही डोक्यांच्या माथ्यावर नवे काटे आले. ह्या जातीचे कोवळे काटे मऊ असतात आणि लालसर.

मला भेटायला येणारी भली माणसं म्हणतात, जपलंत तुम्ही त्यांना ह्या झाडाच्या रूपाने. मी दर वेळी त्यांना दुरुस्त करते, त्यांना ते आवडत नाही, तरी करते. हे झाड म्हणजे तो नाही. तो गेला. तो परत येणार नाही, ह्या रूपाने नाही आणि कोणत्याच रूपाने नाही. झाड म्हणजे तोच, असं मानलं तेव्हाच आपण त्याला पाणी पाजून पाजून मारायला निघालो होतो. मला ते झाड झाड म्हणून हवं होतं. कुठल्याशा बर्फाळ डोंगरातलं, आपल्या पंचांगाशी काही देणंघेणं नसलेलं, स्वतःच्या नियमाने जगणारं. नवऱ्याने त्याला तसंच वागवलं होतं.

वर्षश्राद्धाला दिरांनी सगळं मनापासून केलं. मळ्यात तो केशर आंबा त्यांनी नुसताच लावला होता, राख न घालता. तो कमरेला आला आहे, असं त्यांनी मला सांगितलं. वर्षभरात आमचं बोलणं सुरू झालं होतं, पण कुंडीचा विषय आम्ही दोघंही टाळत होतो. दिवाळी होऊन दहा दिवस झाले होते. कुंडी कोरडी होती, झाड नुकतंच आत ओढून घ्यायला लागलं होतं. विधी आटोपले, पानं मांडायची वेळ झाली, आणि दीर तांब्या घेऊन अंगणात उतरले. त्यांच्यामागे दहा-बारा माणसं उतरली. मी पायरीवरून उठून कुंडीच्या पुढे उभी राहिले.

"वहिनी, वर्साचं पानी हाय," ते म्हणाले. आवाज चढवला नव्हता. उलट विनवणीचा होता. "तुमी केलं ते मी सोसलं. झाड जगलं, कबूल. आता एवढा एक तांब्या घालू द्या. एका तांब्यानं काय मरतंय का?"

"एका तांब्याने मरणार नाही."

"मंग?"

"मागे बघा."

त्यांनी मागे बघितलं. चुलत सासऱ्यांनी बाह्या सारल्या होत्या. त्यांच्यामागे जावा, भाचे, कारखान्यातले दोघं, सगळे रांगेत, आपापल्या पाळीची वाट बघत. एकाने जाता जाता घागरच उचलून आणली होती.

दीर पुन्हा माझ्याकडे वळले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. "आवो, पन पुजेचं हाय हे. माघारी न्हेता येत न्हाई, भुईवर सांडता येत न्हाई. दादाच्या नावाचं पानी मी घालू कुटं?"

मी त्यांच्या हातातून तांब्या घेतला आणि प्याले. उभ्याने, सगळ्यांसमोर, शेवटपर्यंत. पाणी गार होतं आणि त्यात तीळ होते. ते जिभेला लागले. पिताना थोडं हनुवटीवरून पदरावर सांडलं.

कोणीतरी "आगं बया" म्हणालं.

"पिली ती?" सासूबाईंनी आतून विचारलं. त्यांना दारातून दिसत नव्हतं.

"पिल्या," दीर म्हणाले.

"सगळं?"

"सगळं."

मग त्या म्हणाल्या, "मंग हुबं काय ऱ्हायलाय? पानं वाढा की. भात निवला."

दिरांनी माझ्या हातातून रिकामा तांब्या घेतला आणि घागर आणणाऱ्याला हाताने मागे फिरवलं. माणसं पंगतीकडे वळली.